विजेची मोटार : परवडते कोणाला व केव्हा?

आमच्याकडे विजेवर चालणारी मोटार आहे हे कळले की नवीन पनवेलमधील ओळखीची मंडळी हमखास दोन प्रश्न विचारतात. एक, "एका चार्जिंगमध्ये किती जाते?" आणि दुसरा, "महिन्याला किती वाचतात?" तिसरा प्रश्न, म्हणजे "तुम्ही ती चार्ज करता कुठे?", हा मात्र सहसा कोणी विचारीत नाही. आमच्या अडीच वर्षांच्या अनुभवावरून आम्ही असे म्हणू की, पहिल्या दोन्ही प्रश्नांची उत्तरे या तिसऱ्यावर अवलंबून आहेत. स्मरणिकेसाठी काही उपयोगाचे लिहा, असे संपादक मंडळाने सांगितले तेव्हा आम्ही हाच विषय निवडला. त्याला कारणही तसेच आहे. आपल्या वस्तीतील दोन-तीन तरुण सध्या कर्ज काढून विजेची मोटार घ्यावी व ती भाड्याने चालवावी अशा विचारात आहेत. त्यांनी कागदांवर सह्या करण्यापूर्वी एवढे वाचावे, ही विनंती.

आम्ही राहतो ती सिडकोने बांधलेली जुनी इमारत आहे. ही घरे उभी राहिली त्या काळी दर बिऱ्हाडामागे एक मोटार असेल असे कोणाच्या स्वप्नातही नव्हते. त्यामुळे इमारतीखाली गाड्यांची जागा नाही; ज्याला जेथे सापडेल तेथे रस्त्याच्या कडेला तो गाडी लावतो. आम्ही २०२३ साली मोटार घेतली तेव्हा विक्रेत्याने "घरच्या साध्या प्लगवर चार्ज होते" असे सांगितले होते. ते खोटे नव्हते. पण घर दुसऱ्या मजल्यावर आणि मोटार रस्त्यावर, याचा विचार त्यानेही केला नाही आणि आम्हीही केला नाही.

पहिले दोन महिने आम्ही स्वयंपाकघरातील प्लगमधून जाड वायर खिडकीतून खाली सोडून मोटार चार्ज केली. हे येथे कबूल करताना संकोच वाटतो, कारण ती चूकच होती. गिझर वीस मिनिटांत बंद होतो. मोटार रात्रभर, सलग आठ-आठ तास, तीन किलोवॅटच्या आसपास वीज ओढीत राहते. जूनमधील एका रात्री जळका वास आला म्हणून उठलो, तर एक्स्टेन्शन बोर्ड वितळून भिंतीला चिकटला होता. खाली पदपथावरून पावसाचे पाणी वाहत होते आणि आमची वायर त्याच पाण्यात पडली होती. सकाळी त्याच पदपथावरून शाळेची मुले जातात. त्या दिवसापासून वायर गुंडाळून ठेवली व आम्ही पूर्णपणे सार्वजनिक चार्जिंग केंद्रांच्या हवाली झालो.

ज्यांना या प्रकाराची माहिती नाही त्यांच्यासाठी थोडा हिशेब सांगतो. बॅटरी म्हणजे पाण्याची टाकी समजावी व युनिट म्हणजे त्यातील पाणी. आमच्या मोटारीच्या टाकीत सुमारे ३० युनिटे मावतात. प्रत्यक्ष रस्त्यावर एका युनिटला सहा ते साडेसहा किलोमीटर अंतर कापले जाते. म्हणजे पूर्ण भरलेली मोटार १८० ते १९५ किलोमीटर जाते. जाहिरातीतला आकडा याहून बराच मोठा असतो, कारण तो प्रयोगशाळेतील चाचणीचा असतो. नव्या मोटारींच्या बॅटऱ्या मोठ्या आहेत, पण हिशेबाची रीत तीच. आता ही टाकी भरायची कशी? घरच्या पंधरा-सोळा अँपिअरच्या प्लगमधून तासाला तीन युनिटे जातात, म्हणजे पूर्ण भरायला दहा तास. भिंतीवर बसविण्याची सात किलोवॅटची पेटी असते, ती निम्म्याहून कमी वेळ घेते. मात्र मोटारीच्या आतील चार्जरने तेवढी वीज स्वीकारली पाहिजे, नाहीतर पेटी मोठी असून उपयोग नाही. तिसरा प्रकार रस्त्यावरील जलद चार्जिंगचा. त्यात थेट डीसी वीज जाड गनमधून बॅटरीत सोडली जाते. आमच्यासारखी मोटार तेथे तासाभरात ऐंशी टक्क्यांपर्यंत जाते.

येथे दोन बारकावे आहेत आणि ते कोणी आधी सांगत नाही. केंद्रावरील फलकावर ६० किलोवॅट लिहिलेले असले तरी अनेकदा त्या एकाच यंत्राला दोन गन असतात. शेजारी दुसरी मोटार लागली की वीज विभागली जाते व ६० चे ३० होतात. दुसरे असे की, बॅटरी ऐंशी टक्क्यांवर गेली की चार्जिंगचा वेग आपोआप उतरतो. बॅटरीच्या जिवासाठी ते आवश्यकच आहे. म्हणून शेवटच्या वीस टक्क्यांसाठी गन अडवून बसणे हे मागच्या माणसाचा वेळ खाणे होय. आमच्या येथे रिक्षावाल्यांना सीएनजीच्या रांगेची सवय आहे. पण ती रांग वेगळी. सीएनजीच्या पंपावर पुढे दहा गाड्या असल्या तरी प्रत्येकीला तीन-चार मिनिटे लागतात. चार्जिंग केंद्रावर पुढे दोनच मोटारी असल्या तर तुमचे दीड-दोन तास गेले असे समजावे.

सरकारी धोरणाबद्दल बोलायचे तर ते कागदावर चांगले आहे हे मान्य केले पाहिजे. चार्जिंग म्हणजे वीज विकणे नव्हे, ती एक सेवा आहे, त्यामुळे केंद्र काढायला विजेचा परवाना लागत नाही, असा खुलासा केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाने एप्रिल २०१८ मध्ये केला. त्याच वर्षीच्या डिसेंबरमधील मार्गदर्शक तत्त्वांत शहरात दर तीन किलोमीटर लांबी-रुंदीच्या चौकोनात निदान एक आणि महामार्गावर दर पंचवीस किलोमीटरला दोन्ही बाजूंस एक केंद्र असावे, असे ठरले. १ ऑक्टोबर २०२४ पासून लागू झालेल्या पीएम ई-ड्राइव्ह योजनेत १०,९०० कोटींपैकी २,००० कोटी रुपये सार्वजनिक चार्जिंगसाठी राखले गेले. आमच्या महावितरणचीही स्वतःची केंद्रे आहेत. मोबाईलवरील नकाशा उघडला तर पनवेल, कळंबोली, कामोठे, खारघर या पट्ट्यात हिरव्या ठिपक्यांची दाटी दिसते. परंतु ठिपका म्हणजे चालू यंत्र नव्हे.

गेल्या हिवाळ्यातील एका गुरुवारची गोष्ट. मोटारीत १४ टक्के वीज होती व दुसऱ्या दिवशी पहाटे वाशीला रुग्णालयात पोहोचायचे होते. सायंकाळी साडेसातला आम्ही निघालो. पहिल्या केंद्रावर यंत्राचा पडदाच काळा होता. तेथील सुरक्षारक्षक म्हणाला, "चार दिवस झाले साहेब, फोन केलाय." दुसरे केंद्र एका व्यापारी संकुलाच्या तळघरात होते. तेथे यंत्र चालू होते, पण त्यासमोर पेट्रोलची मोटार लावून तिचे मालक वर जेवायला गेले होते. तळघरात मोबाईलला रेंज नाही, त्यामुळे अ‍ॅप उघडेना, आणि अ‍ॅप उघडल्याशिवाय यंत्र सुरू होत नाही. तिसऱ्या ठिकाणी दोन मोटारी पुढे होत्या. आमची गन लागली तेव्हा रात्रीचे साडेदहा वाजले होते आणि घरी परतलो तेव्हा पावणेबारा. या एका संध्याकाळी आमचे काही मोठे नुकसान झाले नाही, केवळ झोप गेली. पण आठवड्यातून दोन वेळा चार्जिंग लागते आणि त्यातील एखादी वेळ अशी निघतेच.

ही यंत्रे का बंद पडतात याची आम्ही थोडी चौकशी केली. यंत्र एका कंपनीचे, जागा दुसऱ्याची, वीज तिसऱ्याची. जागेवर माणूस नसतो. मदतीच्या क्रमांकावर बोलणारा कर्मचारी दुसऱ्याच शहरात बसलेला असतो व तो तेथूनच यंत्र पुन्हा सुरू करून पाहतो. तेवढ्याने जमले तर ठीक, नाहीतर तक्रार नोंदवून घेतो. कधी कधी कारण अगदी क्षुल्लक असते. यंत्राच्या पुढच्या बाजूस आणीबाणीचे लाल बटण असते. खेळता खेळता एखादे मूल ते दाबते आणि ते दाबलेलेच राहते. ते बटण घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने किंचित फिरविले की सुटून वर येते व यंत्र जिवंत होते. आम्ही स्वतः असे "बंद" यंत्र तीन वेळा चालू केले आहे. मात्र आधी कोठे धूर, वास किंवा सुटलेली वायर नाही ना, हे पाहूनच हात लावावा.

अ‍ॅपचा त्रास हा आणखी एक स्वतंत्र विषय आहे. प्रत्येक कंपनीचे अ‍ॅप वेगळे व बहुतेकांत आधी पैसे भरून ठेवावे लागतात. आमच्या मोबाईलवर आज सात अ‍ॅप आहेत आणि त्यांत मिळून अकराशे रुपये अडकून पडले आहेत. पेट्रोल भरण्यापूर्वी सात पंपांवर अनामत ठेवा, असे कोणी सांगितले असते तर लोक हसले असते. काही ठिकाणच्या जुन्या यंत्रांची गनच आताच्या मोटारींना बसत नाही. सुरुवातीच्या सरकारी खरेदीतील मोटारींसाठी भारत डीसी-००१ नावाची कमी शक्तीची पद्धत होती. आताच्या मोटारींना सीसीएस-२ लागते. नकाशावर दोन्ही ठिपके सारखेच दिसतात, म्हणून निघण्यापूर्वी गनचा प्रकार पाहून घ्यावा.

आता पैशाचा हिशेब, कारण सगळे तेथेच येऊन थांबते. आम्ही जेथे जातो त्या जलद केंद्रांवर युनिटला वीस रुपयांच्या आसपास दर आहे, कोठे कमी, कोठे जास्त. विजेवर वस्तू व सेवा कर नाही, पण चार्जिंग ही सेवा ठरल्यामुळे तिच्यावर १८ टक्के कर लागतो. म्हणजे युनिट पडले २३ रुपये ६० पैशांना. आता भाड्याची मोटार दिवसाला १८० किलोमीटर चालते असे धरू. साडेसहा किलोमीटरला एक युनिट या हिशेबाने तिला २८ युनिटे लागतील, म्हणजे साधारण ६६० रुपये. तेवढेच अंतर सीएनजीच्या मोटारीने, किलोला २३ किलोमीटर व २०२५ मधील सुमारे ८० रुपये किलो या भावाने, कापले तर खर्च येतो ६२५ रुपये. पेट्रोलपेक्षा वीज स्वस्त पडते यात शंका नाही. पण आपल्याकडील चालक पेट्रोलवर भाडे मारीत नाही, सीएनजीवर मारतो. शिवाय विजेच्या मोटारीची किंमत जास्त, त्यामुळे हप्ता जास्त. आणि चार्जिंगला उभे राहण्याचा तास-दीड तास कोणत्याच हिशेबात धरलेला नाही.

हा वेळ म्हणजे काय हे पाहायचे असेल तर रात्री अकरानंतर महामार्गालगतच्या एखाद्या केंद्रावर जावे. तेथे भाड्याच्या मोटारींचे चालक आसन मागे पाडून झोपलेले दिसतात. त्यांपैकी मराठवाड्यातून आलेल्या एका तरुणाशी आमची चांगली ओळख झाली आहे. तो कामोठ्यास एका खोलीत चौघांबरोबर राहतो. अर्थात मोटारीसाठी स्वतःचा प्लग त्याच्याजवळ नाही. तो म्हणाला, "काका, बारा तास गाडी चालवतो, त्यातले दोन तास गाडी मला चालवते." मोटार विकणाऱ्याने त्याला महिन्याच्या बचतीचा जो तक्ता दिला होता तो घरच्या विजेच्या दराने मांडलेला होता. हप्ता मात्र खरा आहे व तो दर महिन्याच्या पाच तारखेस कापला जातो. विमानतळ सुरू झाल्यामुळे पनवेल परिसरात भाडी वाढतील या आशेवर अनेकजण आहेत. ती वाढोत, पण गनची संख्या त्याच प्रमाणात वाढली नाही तर रांगाही वाढतील.

केंद्र कोठे आहे एवढेच पाहून भागत नाही, ते कसे आहे हेही पाहावे लागते. अनेक ठिकाणी छप्पर नाही, दिवा नाही, बसायला जागा नाही, स्वच्छतागृह नाही. आमच्या सूनबाई मोटार उत्तम चालवितात, पण रात्री नऊनंतर चार्जिंगला एकट्या जात नाहीत व आम्हीही तसा आग्रह धरीत नाही. पेट्रोल पंपावर चार माणसे व भरपूर उजेड असतो; कोपऱ्यातील यंत्राजवळ तासभर एकटे बसणे निराळे.

लांबच्या प्रवासाचा एक अनुभव सांगतो. आमचे गाव पोलादपूर तालुक्यात. पळस्पे फाट्यावरून मुंबई-गोवा महामार्गाला लागले की पेण, वडखळ, नागोठणे, कोलाड, माणगाव, महाड करीत एकशे तीस किलोमीटरच्या आसपास अंतर होते. जाण्यापुरती वीज पुरते, परतीची पुरत नाही. मे महिन्यात आम्ही ८१ वर्षांच्या मातोश्रींना घेऊन निघालो. महामार्गावरील एका उपाहारगृहाच्या आवारात थांबून चार्जिंग करायचे असे ठरविले होते. तेथे पुढे दोन मोटारी होत्या, आणि दुपारच्या उन्हात बॅटरी तापलेली असल्याने यंत्राचा वेगही मंद होता. बॅटरी तापली की मोटार स्वतःच वीज कमी घेते, त्यात यंत्राचा दोष नसतो. अडीच तासांत आम्ही तीन वेळा चहा घेतला, कारण काही न मागविता म्हाताऱ्या माणसाला पंख्याखाली बसवून ठेवणे प्रशस्त वाटेना. गावी पोहोचल्यावर घरच्या प्लगला मोटार लावली तर ती वीज घेईचना. तालुक्याच्या गावाहून वायरमन आला तेव्हा कळले की घराचे अर्थिंग कोरडे पडले होते. पंखा, टीव्ही, मिक्सर वर्षानुवर्षे तसेच चालू होते. मोटारीच्या चार्जरने मात्र नकार दिला. अर्थिंगच्या खड्ड्यात मीठ-कोळसा घालून दोन घागरी पाणी ओतले, तेव्हा कोठे हिरवा दिवा लागला. मोटारीच्या निमित्ताने घर सुरक्षित झाले, हा त्यातला लाभ.

पुण्याच्या बाजूस केंद्रे अधिक आहेत, पण मध्ये घाट आहे. दीड टनाची मोटार सहाशे मीटर उंच चढविण्यासाठीच अडीच युनिटांच्या आसपास ऊर्जा लागते, ही शाळेतील पदार्थविज्ञानाची आकडेमोड आहे. पुढे जाण्यासाठी लागणारी ऊर्जा वेगळी. म्हणून खोपोलीला २५ टक्के दिसत असेल तर तो आकडा सपाट रस्त्याचा समजून घाट चढू नये. उतरताना त्यातील काही भाग बॅटरीत परत येतो, सगळा नाही. लोणावळ्याच्या बाजूच्या तलावांचे पाणी खाली आणून टाटांनी खोपोलीला वीज निर्माण करण्यास आरंभ केला तो १९१५ साली. शंभर वर्षांनंतर त्याच पायथ्याशी उभे राहून आम्ही घाट चढण्यापुरती वीज कोठे मिळेल ते मोबाईलवर शोधत असतो. असो. २०२५ च्या ऑगस्टपासून अटल सेतूवर विजेच्या मोटारींना पथकर माफ झाला, हा लाभ मात्र खरा आहे व मुंबईस वारंवार जाणाऱ्याला तो जाणवतो.

तर मग विजेची मोटार घेऊच नये काय? आम्ही तसे म्हणणार नाही. मोटार चालवायला सुखाची आहे, आवाज नाही, धूर नाही, देखभाल कमी. परंतु तिचा स्वस्तपणा मोटारीबरोबर मिळत नाही, तो रात्री जिथे ती उभी राहते तेथील प्लगबरोबर मिळतो. आणि प्लग असला तरी तो कोणत्या मीटरवर आहे हे पाहावे लागते. महावितरणच्या घरगुती बिलात शंभर, तीनशे व पाचशे युनिटांवर टप्पे आहेत आणि प्रत्येक टप्प्याला दर चढत जातो. समजा घराचा वापर दोनशे युनिटे आहे आणि मोटार महिन्याला हजार किलोमीटर चालते. मोटारीची सुमारे १५४ युनिटे त्या दोनशेच्या वर चढतात, म्हणजे शंभर दुसऱ्या टप्प्यात व उरलेली चोपन्न तिसऱ्या, महाग टप्प्यात. वाहन चार्जिंगसाठी विजेची स्वतंत्र वर्गवारी आहे. तिचा वेगळा मीटर घेतला तर हे टप्पे लागत नाहीत. ज्यांच्याकडे स्वतःची गाडीची जागा आहे त्यांनी आधी ही चौकशी करावी, मगच रंग निवडावा.

ज्यांच्याकडे जागा नाही, म्हणजे आमच्यासारखे बहुतेक, त्यांनी सोसायटी म्हणून विचार करावा. प्रत्येकाला वेगळा प्लग लागतो ही समजूत चुकीची आहे. घरगुती वापराच्या मोटारीला आठवड्यातून दोन रात्री पुरतात; एका रात्रीत आठ तासांत चोवीस-पंचवीस युनिटे, म्हणजे दीडशे किलोमीटर. या हिशेबाने आवारातील एका प्लगवर तीन मोटारी पाळीपाळीने निभावतात. त्यासाठी हवे काय, तर स्वतंत्र मीटर, चांगले अर्थिंग, गळती होताच वीज तोडणारा स्विच, पावसापासून आडोसा आणि कोणत्या रात्री कोणाची पाळी याची वही. भाड्याच्या मोटारीला मात्र रोज रात्री प्लग लागतो. तो हक्काचा नसेल तर आमचा स्पष्ट सल्ला आहे की, सध्या सीएनजी घ्यावी किंवा थांबावे. विक्रेत्याकडून बचतीचा तक्ता मिळाला तर त्यातील विजेचा दर खोडून तेथे २३ रुपये ६० पैसे लिहावेत व पुन्हा बेरीज करावी.

आमच्या सोसायटीत हा विषय पहिल्यांदा मांडला तेव्हा "तुमच्या एका गाडीसाठी सगळ्यांनी खर्च का करायचा?" असा रोकडा प्रश्न आला व तो रास्त होता. त्यावर आम्ही लेखी दिले की, मीटर, वायरिंग व पेटीचा खर्च वापरणारे करतील, सोसायटीने फक्त पाण्याच्या टाकीशेजारील सात फूट भिंत द्यावी. मार्चमधील सर्वसाधारण सभेत एकोणीस विरुद्ध सहा मतांनी ठराव झाला. आता आम्ही धरून तीन घरे आहेत, त्यातील एक स्कूटरवाले. मीटरचा अर्ज दिला आहे, वायरमनने भिंतीवर खडूने चौकोन आखून ठेवला आहे. तोपर्यंत सोमवार आणि गुरुवार, रात्री साडेसातनंतर, आम्ही केंद्रांच्या फेऱ्या मारीत असतो. ज्या तरुणांना मोटार घ्यायची आहे त्यांनी त्या वेळी आमच्याबरोबर यावे, मागची सीट रिकामीच असते.